देठ कापू नकोस

गाडी हलली तशी शकु खिडकीच्या गजांना गाल लावून ओरडली, "ताई, देठ पुन्हा कापू नकोस हं! नुसतं पाणी बदल, रोज!" आणि हेमलता प्लॅटफॉर्मवर तोंड अर्धवट उघडं ठेवून उभी राहिली. त्या उघड्या तोंडात एक वाक्य होतं. शकु आली त्या सकाळपासून ते तिथं होतं, जिभेखाली, गोळीसारखं. "शकु, आईला तीन महिने तुझ्याकडे नेशील का?" एवढंच. त्यात अवघड शब्द एकही नव्हता. टेलिफोन एक्सचेंजमध्ये दिवसभर ती याहून कितीतरी अवघड गोष्टी अनोळखी माणसांना सांगायची, लाइन मिळणार नाही, कॉल तुटला, तिकडून कोणी उचलत नाही. आवाज न चढवता, न थांबता. पण सख्ख्या बहिणीला हे एक विचारायला तिला कधी दार बंद लागत होतं, कधी आई झोपलेली लागत होती, आणि ती झोपली की शकुलाही नेमकी झोप येत होती. शेवटी स्टेशनवर तिने सुरुवात केली होती. "शकु, मला जरा तुझ्याशी—" म्हणेपर्यंत शकु हमालाशी भांडायला लागली, मग पाण्याची सुरई कुठे ठेवू म्हणाली, मग सिमल्याला अजून कशी थंडी आहे ते सांगू लागली, आणि मग गाडी हलली. शेवटचा डबा गेला. रुळांवर ऊन पडलं. देठ कापू नकोस. हेमलताने तोंड मिटलं, आणि तिला एकदम इतका राग आला की समोरून येणाऱ्या चहावाल्याला ती विनाकारण "नहीं चाहिए" असं खेकसली. त्याने काही विचारलंही नव्हतं.

रिक्षात बसून गढ्यातल्या घराकडे येताना ती तेच वाक्य मनात परत परत म्हणत होती, आता काही उपयोग नव्हता तरी. नागपूरला सुपरवायझरचा कोर्स होता, तीन महिन्यांचा, आणि नंतर बढती. चौबेसाहेबांनी तिचं नाव स्वतःहून सुचवलं होतं. "हेमलताजी, शनिवार तक बता दीजिए, हाँ या ना," एवढं म्हणून ते फायलीत डोकं घालून बसले होते. बढतीचं तिला फारसं काही नव्हतं. नागपूर म्हटल्याबरोबर तिला जे आठवलं, ते मात्र तिला कुणाला सांगता आलं नसतं. सोळा वर्षांची असताना तिने ते शहर सोडलं होतं. मध्यप्रांत मोडला, नागपूर तिकडे मुंबई राज्यात गेलं आणि हायकोर्ट इकडे जबलपूरला आलं. त्या कोर्टाच्या कपाटांबरोबर, टेबलांबरोबर, तिथले कारकून रामराव, म्हणजे तिचे बाबा, आणि त्यांचं बिऱ्हाडही आलं. तिचं कॉलेजात नाव घातलेलं होतं. बॉटनी घ्यायची असं ठरलेलं होतं. सामान बांधताना बाबा म्हणाले होते, कॉलेज काय, तिथंही आहे. कॉलेज होतं, पण ते सगळं हिंदीत, आणि ती मागच्या बाकावर बसून शब्दांची भाषांतरं करता करता मागे पडली, मग नोकरीला लागली. शकु तेव्हा सहा वर्षांची. तिला काहीच सोडावं लागलं नाही. महिन्याभरात ती गल्लीतल्या पोरांशी हिंदीत भांडायला लागली, आणि पुढे हिंदीतच हसायला, हिंदीतच प्रेमात पडायला. कँटोन्मेंटमधला तो कॅप्टन पंत, अल्मोड्याकडचा. आईने दोन दिवस अन्न घेतलं नाही आणि तिसऱ्या दिवशी म्हणाली, पंतच आहे ना, म्हणजे कुठूनतरी आपल्यातलाच असेल. आईचं समाधान झालं. नागपूरच्या देशकरांचं झालं नाही. त्यांच्या मुलाशी हेमलताचं जवळजवळ ठरलं होतं. धाकटीने असं केल्यावर त्यांच्याकडून आधी काहीच कळलं नाही, मग मध्यस्थ येऊन चहा पिऊन गेला, आणि मग त्या विषयावर घरात कोणी बोललं नाही. बाबा गेले तेव्हाही नाही. आता हेमलता चौतीस वर्षांची होती, आणि बहिणीने तिला फुलं सांभाळायला सांगितली होती.

घरी आली तर आई खाटेवर पाय खाली सोडून बसलेली. स्टुलावरची फुलांची बरणी तिने इतकी जवळ ओढून घेतली होती की फुलं तिच्या चष्म्याला टेकत होती. "गेली का गं?" तिने विचारलं, आणि हेमलता हो म्हणायच्या आत, "फुलांचं पाणी बदललंस का?" मोतीबिंदूने आईचे दोन्ही डोळे भरत आले होते. डॉक्टर म्हणत, अजून पिकला नाही, पिकू द्या. आंब्यासारखं. तोवर आईला उजेड दिसे, माणसं सावल्यांसारखी दिसत, आणि या फुलांचा पिवळा एवढा एक रंग दिसे म्हणून ती हरखून गेली होती. शकुने ती आणली तेव्हा ती फुलं नव्हतीच. ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळलेली हिरवी कांड्यांची जुडी होती, टोकाला मान वाकवलेल्या मिटक्या कळ्या. "डॅफोडिल्स, ताई! आमच्या बंगल्याच्या मागे असेच उगवतात. व्हाज नाहीये का गं घरात?" नव्हता. या घरात फुलं देवाला वाहत किंवा केसांत माळत, पाण्यात कोणी उभी करून ठेवत नव्हतं. मग हेमलतानेच लोणच्याची चिनी मातीची बरणी रिकामी केली. लिंबाचं लोणचं, ह्या हिवाळ्यात घातलेलं, अजून पुरतं मुरलेलंही नव्हतं, ते डब्यात काढलं. बरणी राखेने घासली, गरम पाण्याने विसळली, तरी हिंगाचा वास राहिलाच. दुसऱ्या सकाळी ती ड्यूटीवर गेली आणि परत आली तेव्हा कळ्या उमलल्या होत्या. मधे पेल्यासारखं, भोवती पाकळ्या, आणि खोलीत एक असा पिवळा उजेड की तिला क्षणभर खरंच छान वाटलं. तेवढ्यात आई म्हणाली, "पाहिलंस, शकुने काय आणलं? गाडीत दोन रात्री काढून आली फुलं. माझ्यासाठी." आणि ते छान वाटणं तिथेच संपलं.

त्यानंतर सगळा आठवडा ती फुलंच चालली. मार्च अर्धा झाला होता, दुपारी पत्रा तापायचा, अंगणात पाय ठेववत नसे. डोंगरातल्या थंडीत वाढलेलं ते झाड, त्याचा कापलेला देठ, आणि हे जबलपूरचं ऊन. शक्यच नव्हतं ते, आणि तरी ते हेमलतानेच शक्य करून दाखवायचं होतं. सकाळी ड्यूटीवर जायच्या आधी ती माठातलं गार पाणी बरणीत घाली. बरणी खिडकीपासून लांब, माठाच्या तिवईखाली ओलसर फरशीवर ठेवी. केळी आणि चिकू त्या खोलीतून उचलून स्वयंपाकघरात नेले, पिकत्या फळांजवळ फुलं लवकर म्हातारी होतात हे कधीतरी वाचलेलं तिला आठवलं. बॉटनीतलं तेवढंच राहिलं होतं डोक्यात. शेजारच्या पुष्पाभाभी डोकावून म्हणाल्या, "दीदी, इसमें एक ताँबे का पैसा डाल दो," दुसऱ्या दिवशी म्हणाल्या, चुटकीभर साखर, तिसऱ्या दिवशी ॲस्पिरिन. हेमलताने पैसा टाकला, साखर टाकली. ॲस्पिरिनची गोळी हातात घेतली तेव्हा तिचं स्वतःचं डोकं ठणकत होतं. गोळीकडे पाहिलं, आणि तिने ती स्वतः गिळली. आणि हे सगळं करताना आई खाटेवरून विचारत राही. कशी आहेत? मान टाकली का एखाद्याने? पाणी गढूळ झालं का? जरा इकडे आण, मला पाहू दे. आल्यागेल्याला सांगे, "माझ्या धाकट्या मुलीने सिमल्याहून आणली." दूधवाल्याला सांगितलं. विजेचं मीटर पाहायला आलेल्या माणसाला सांगितलं. त्या माणसाने "बहुत बढ़िया, माताजी," म्हणत हेमलताकडे असं पाहिलं, जणू ही इथं फुलांना पाणी घालायला ठेवलेली आहे.

एक्सचेंजमध्ये कानाला हेडफोन लावून बसलं की तिला जरा बरं वाटे. तिथं लोक आपापल्या भानगडी घेऊन येत, ती दोन टोकं जोडून देई आणि बाजूला होई. पण त्या आठवड्यात तिथंही तेच. कटनीचा एक व्यापारी कुणाला तरी सांगत होता, अम्मा को अभी तुम रख लो, मेरे यहाँ जगह नहीं है, आणि तिने तो आवाज ऐकत राहायला नको होता, नियमात बसत नव्हतं, तरी ती ऐकत राहिली. किती सहज बोलला तो. ओरडलाही नाही. पलीकडचा माणूस म्हणाला, ठीक है, भेज दो. एवढंच तर असतं ते. शेजारच्या बोर्डावरच्या विनीताने कोपराने ढोसलं, "कहाँ खो गई? सात नंबर कब से जल रहा है." विनीता तिच्याहून लहान होती, मनमोकळी होती, आणि कोर्सचं तिला माहीत होतं. "तू हाँ बोल दे ना यार," ती डबा खाताना म्हणाली. "आंटी का कुछ न कुछ हो जाएगा." हेमलताने डब्याचं झाकण लावलं. कुछ न कुछ. आजवर या घरात जे कुछ न कुछ झालं ते तिच्याच अंगावरून झालं होतं. तिला वाटत होतं, शकुला ट्रंक कॉल लावावा. इथंच बसून, आपल्याच हाताने. दिल्ली, मग अंबाला, मग सिमला. तिने एकदा दिल्लीची लाइन घेतलीही. "बोलिए जबलपुर," तिकडची ऑपरेटर म्हणाली. हेमलता म्हणाली, "कुछ नहीं, टेस्टिंग," आणि प्लग ओढून काढला. कशाची भीती वाटते आपल्याला? नाही म्हणेल याची? की हो म्हणेल, आणि आई मोठ्या आनंदाने जाईल, मागे वळूनही न पाहता, याची? हा दुसरा विचार मनात आल्यावर तिला आपलीच किळस आली.

तिच्या अंगणात एका कुंडीत देशी गुलाब होता. पाणी मिळालं न मिळालं तरी फुलायचा, त्याच्याकडे कोणाचं लक्ष नसे. बुधवारी त्याला दोन चांगली टपोरी फुलं आली. तिने ती कात्रीने कापली आणि त्या पिवळ्या फुलांमधे बरणीत खोचली. काहून खोचली, हे तिचं तिलाही धड सांगता आलं नसतं. आईने विचारावं, हा वास कशाचा गं, आणि आपण म्हणावं, माझ्या गुलाबाचा. एवढंच असेल. आईने विचारलं नाही. गुरुवारी दुपारी हेमलता घरी आली तर गुलाबांनी माना टाकल्या होत्या, पाकळ्यांच्या कडा काळसर, आणि ती पिवळी मात्र जशीच्या तशी ताठ. तिने बोट बुडवून पाहिलं. पाणी बुळबुळीत झालं होतं. पिवळ्या फुलांच्या देठांतून चिकट रस सुटत होता, तिच्या बोटांना आदल्या दिवसापासून खाज सुटत होती ती त्यानेच. तिच्या लक्षात आलं, ही फुलं दुसऱ्या फुलाला आपल्या पाण्यात जगू देत नाहीत. शकुने हे सांगितलं नव्हतं. देठ कापू नको म्हणाली होती, ते याच रसासाठी म्हणाली असेल, पण हे सांगितलं नव्हतं. ती बरणी आईच्या खाटेवर टेकवून गुलाब काढायला गेली तर पाकळ्या झडून आईच्या हातावर पडल्या. आईने त्या चाचपल्या. "तुझे गुलाब होय?" ती म्हणाली. "घ्या. शकुची फुलं दोन रात्री गाडीत होती तरी कशी उभी आहेत. तुझे अंगणातून खोलीत येईस्तोवर मेले." हेमलताला वाटलं बरणी उचलावी आणि फरशीवर आपटावी. तिने बरणी उचलली, पाणी बदललं, आणि पुन्हा माठाखाली ठेवली. मग स्वयंपाकघरात जाऊन पोळ्या लाटल्या. लाटता लाटता पोळी इतकी पातळ झाली की तव्यावर टाकताच फाटली.

शुक्रवारी चौबेसाहेबांनी पुन्हा विचारलं. ती म्हणाली, "कल." ते म्हणाले, "कल मतलब कल, हेमलताजी. और भी नाम हैं मेरे पास." परत येताना टेंपोत गर्दी होती, कोणाची तरी कांद्याची थैली तिच्या पायावर होती, आणि गढ्याच्या चढावर टेंपो बंद पडला. ती उतरून उन्हात चालत आली. दार उघडलं, तर खोलीत एक वास होता. फुलांचा नव्हे, साचलेल्या पाण्याचा, कुजत्या देठांचा. ती माठापाशी वाकली. पाकळ्या कागदासारख्या झाल्या होत्या, मधले पेले चुरगळलेले, दोन माना पार फरशीला टेकलेल्या. सकाळी ती घाईत होती, तिने पाणी घातलं होतं पण पाहिलं नव्हतं. "आलीस का?" आई खाटेवरून म्हणाली. "पाणी बदललंस का फुलांचं?"

हेमलताने चप्पलही काढली नाही. बरणी दोन्ही हातांनी उचलली, अंगणात गेली आणि मोरीत उपडी केली. पाणी धाडकन पडलं. फुलं मोरीच्या तोंडाशी अडकली, ती तिने पायाने पुढे ढकलली. परत येऊन ती दारात उभी राहिली. आता आई म्हणेल, माझ्या शकुची फुलं. म्हणू दे. एकदा म्हणूच दे.

"फेकलीस?" आईने विचारलं.

"हो."

"बरं केलंस," आई म्हणाली. "दोन दिवसांपासून वास येऊन राहिला होता."

हेमलताला आधी ते कळलंच नाही. "मग बोलली काहून नाहीस?" ती ओरडली. तिचा आवाज तिलाच परका वाटला. एक्सचेंजमधे असा आवाज कधी निघत नसे. "आठवडाभर मी मरून राहिले त्या फुलांपायी! माठातलं पाणी त्यांना, सावली त्यांना. येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगतेस, शकुने आणली, शकुने आणली. आणि मी? मी काय करते ते दिसत नाही तुला, डोळ्यांना नाही दिसत ते ठीक, पण—" मग ते जिभेखालचं वाक्य भलत्याच ठिकाणी, भलत्याच माणसासमोर निघालं. "मला नागपूरला बोलावलं आहे. तीन महिने. उद्या सांगायचं आहे. तुझ्या त्या शकुला विचारायचं होतं मला, तुला नेते का, आणि ती जाईपर्यंत देठांविषयी बोलत राहिली!"

आईने खाटेच्या कडेवर हात फिरवला, बस म्हणतात तसा. हेमलता बसली नाही.

"मला माहीत आहे नागपूरचं," आई म्हणाली. "तुझी ती विनीता. तू डबा विसरून गेलीस त्या दिवशी न्यायला आली ना, तर म्हणते, आंटी, बधाई हो. तिला वाटलं तू सांगितलं असशील." ती थांबली. "मीच विचारलं शकुला. तू ड्यूटीवर होतीस. म्हटलं, मला ने बाई तीन महिने, हेमाला जाऊ दे. ती नाही म्हणाली."

"नाही म्हणाली?"

"सासू आहे तिच्याकडे. पंताची पुन्हा बदली होऊन राहिली, कुठं तर बॉर्डरवर, बायकोला नेता येत नाही तिथं. घर सोडावं लागेल म्हणते. खरंही असेल. रडली खूप. मग बाजारात जाऊन माझ्यासाठी ही चादर घेऊन आली." आईने अंगाखालची नवी चादर बोटांनी चिमटीत धरली आणि सोडली. त्या चादरीवरूनही हेमलता मनात जळली होती. "मला म्हणाली, ताईला सांगू नको. मी म्हटलं, नाही सांगत."

"म्हणून ती बोलूच देत नव्हती मला," हेमलता म्हणाली. हमाल, सुरई, सिमल्याची थंडी. ती हळूच दाराच्या उंबऱ्यावर टेकली.

"मग मी काय बोलायचं होतं?" आई म्हणाली. "तू घरी येशील, विचारशील, काय म्हणत होती शकु? तू विचारायच्या आत मी फुलांचं काढत होते. एकदा काढलं तर मग थांबता येईना. मला तर नुसतं पिवळं काहीतरी दिसे, तेही मंगळवारपासून नाही." मग जरा वेळाने, "गुलाबांचं बोलले ते नको बोलायला होतं. ते जास्तच झालं."

हेमलताला वाटलं आता रडू येईल, पण आलं नाही. आला तो पुन्हा रागच, पण त्याला कुठं ठेवावं ते कळेना. इतकी वर्षं तो एकाच जागी नीट बसवलेला होता: आईचा जीव शकुवर आहे. त्या एका गोष्टीच्या आधाराने ती पहाटे उठत होती, पाणी भरत होती, औषधाच्या बाटल्या आणत होती, देशकरांचा मुलगा आठवत होती, आपल्याला कोणी विचारत नाही म्हणत होती. आता तिथली वीट निघाली आणि सगळं हलायला लागलं. आपण जिच्यावर जळत होतो ती गाडीत तोंड फिरवून रडत गेली असेल. आणि ही, जिच्यावर चिडत होतो, ही कुजक्या पाण्याचा वास घेत दोन दिवस खोटं कौतुक करत बसली होती. या घरात एक माणूस दुसऱ्याला सरळ काही विचारत नाही. बाबाही तसेच गेले, कोर्टाबरोबर यायचं की नाही हे त्यांनी आईला विचारलं होतं का? तिला ते आजवर कधी सुचलंच नव्हतं. "आई," ती म्हणाली, "तुला इकडे यायचं होतं का गं? जबलपूरला?"

"मला कोण विचारतं," आई म्हणाली. "तू जा. पुष्पाभाभीशी बोलले मी. सकाळ-संध्याकाळ ती येते म्हणाली, रात्री तिची मुलगी झोपेल इथं. मी डोळ्यांनी अधू आहे, लुळी नाही."

"पडलीस तर?"

"तर पडीन. तू घरी असतेस तेव्हा काय पडत नाही मी?"

शनिवारी हेमलताने चौबेसाहेबांना हो म्हटलं. ते मान वर न करता "अच्छा," म्हणाले, आणि इतक्या दिवसांच्या उलथापालथीचं एवढंच झालं. विनीताने गळामिठी मारली. हेमलताला आनंद होईल असं वाटलं होतं. झाला तो असा, दाढ काढल्यावर जीभ तिथं जाऊन जाऊन पाहते तसा काहीतरी. नागपूरची बस, नर्मदेवरचा तिलवाऱ्याचा पूल, पलीकडचे डोंगर, हे सगळं ती मनात आणून पाहत होती आणि मधेच आई स्वयंपाकघराच्या उंबऱ्याला अडखळताना दिसत होती.

दुपारी घरी आली तर आई खरोखरच स्वयंपाकघरात उभी होती. पदर कमरेला खोचलेला, कडप्प्याच्या ओट्यावर एक हात. स्टो पेटलेला होता. "आई!" हेमलता धावली. "तिथंच थांब," आई म्हणाली. "चहा करून राहिले. भाभीला दाखवलं मघाशी, आता तुला दाखवते. हात लावू नकोस."

हेमलता दारात थांबली. दाराची चौकट तिने इतक्या जोरात धरली की नखं पांढरी झाली. आईने पातेलं चाचपलं, पाणी ओतलं, बोट बुडवून किती झालं ते पाहिलं. डबे ओळीने लावलेले होते. तिने झाकणं उघडून वास घेतला, पहिला डबा जिऱ्याचा निघाला, तो बंद करून पुढचा घेतला. पाणी उकळल्याचा आवाज आला तशी मान तिरपी करून ऐकलं. पदराचं टोक एकदा स्टोच्या अगदी जवळून गेलं आणि हेमलताच्या तोंडून आवाज निघता निघता राहिला. ती काही बोलली नाही. असं काही न बोलता उभं राहणं तिने जन्मात कधी केलं नव्हतं. गप्प ती नेहमीच असे, पण हातांनी सगळं करत. आता हातांना काही काम नव्हतं. चहा गाळताना अर्धा कपात गेला, अर्धा बशीत, थोडा ओट्यावर. आईच्या बोटावर सांडला, तिने बोट तोंडात घातलं आणि चोखलं. मग कप-बशी दोन्ही हातांत धरून, पाय घासत, ती वळली आणि आवाजाच्या अंदाजाने दाराकडे आली. थोडी डावीकडे आली. हेमलता सरकून तिच्या समोर उभी राहिली आणि कप घेतला.

तिने एक घोट घेतला. आई तिच्या तोंडाकडे पाहत होती, म्हणजे चेहरा तिकडे होता.

"कसा झाला?"

"छान झाला."

"साखर जास्त पडली काय?"

"नाही."

"हेमा, खरं सांग."

हेमलताने आणखी एक घोट घेतला. गोड, पाकासारखा गोड, घशाला चिकटत होता.

"पडली," ती म्हणाली. "फार पडली."

"असं होय," आई म्हणाली, आणि भाजलेलं बोट पदराला पुसत परत ओट्याकडे वळली. "उद्या कमी टाकीन."